दोघे-तिघे जमले म्हणजे काय होते? : बॉनहोफर यांच्या ‘एकत्र जीवन’विषयी



आजचा विषय सगळ्यांच्या परिचयाचा आहे. चार-सहा माणसे कुणाच्या तरी घरी जमतात. सतरंजी अंथरली जाते, एक-दोन गीते होतात, शास्त्रातला एखादा उतारा वाचला जातो. कुणाची आई आजारी असते, कुणाच्या मुलाला नोकरी नसते, त्यांच्यासाठी प्रार्थना होते. मग चहा होतो आणि मंडळी आपापल्या घरी जातात. कुणी याला घरगुती प्रार्थनासभा म्हणतात, कुणी संगती, कुणी सहभागिता. आमचा प्रश्न एवढाच आहे : अशा बैठकीत देव उपस्थित असतो असे आपण म्हणतो, तेव्हा आपण नेमके काय म्हणत असतो?

मत्तयाच्या शुभवर्तमानात, अठराव्या अध्यायात, प्रभू येशूचे एक अभिवचन आहे. दोन-तीन माणसे जरी त्याच्या नावाने एकत्र आली तरी तो त्यांच्यात हजर असेल, असा त्याचा आशय. हे वचन आपल्याला केव्हा आठवते ते बघा. पावसामुळे बुधवारच्या प्रार्थनेला चारच डोकी आली, की पाळकसाहेब ते काढतात. म्हणजे गर्दी जमली असती तर वचनाची गरज नव्हती. जमली नाही म्हणून हे समाधान. इतक्या मोठ्या वचनाचा इतका किरकोळ उपयोग होऊ नये, असे आम्हांला वाटते.

त्यासाठी आज एक पुस्तक समोर ठेवतो. डीट्रिख बॉनहोफर या जर्मन धर्मचिंतकाचे ‘एकत्र जीवन’. मूळ जर्मन पुस्तक १९३९ साली निघाले. आकाराने लहान, प्रकरणे पाच. पुस्तक थोर आहे, असे आमचे मत आहे. पण थोर पुस्तकाला नमस्कार करून ते कपाटात ठेवणे हा त्याचा अपमान असतो. त्याच्याशी थोडे भांडावे लागते. आज तेच करू.

आधी थोडी पार्श्वभूमी. आम्ही तत्त्वज्ञानाचे विद्यार्थी, आणि तत्त्वज्ञानवाल्यांना एकांत फार प्रिय. विल्यम जेम्सने १९०२ साली धार्मिक अनुभवावरचा आपला प्रसिद्ध ग्रंथ लिहिला, तेव्हा धर्माची व्याख्या करताना त्याने व्यक्तीच्या एकांतातल्या अनुभवावर बोट ठेवले. देऊळ, चर्च, पुरोहित हे सगळे त्याने मुद्दाम बाजूला काढले. पुढे १९२६ साली व्हाइटहेडनेही धर्माचे नाते माणसाच्या एकटेपणाशी जोडले. आपल्याकडेही देव भेटायचा तर गुहेत, डोंगरावर, पहाटे एकट्याने, ही कल्पना खोल रुजलेली आहे. चार माणसांत बसले की गप्पा होतात. देव कसा भेटणार?

गंमत अशी, की आपल्याच मातीत याच्या उलट परंपराही तितकीच जुनी आहे. वारकऱ्याला एकट्याने वारी करावीशी वाटत नाही, त्याला दिंडी लागते. आणि दिंडीत भेटलेला वारकरी दुसऱ्याच्या पायांवर डोके ठेवतो, दुसराही त्याच्या पायांवर ठेवतो. विठ्ठल पंढरपुरात आहे तसा तो समोरच्यातही आहे, हे तिथे पोथी न उघडता सांगितले जाते. म्हणजे आजचा विषय मराठी कानांना परका नाही. तो आम्ही जर्मनीतून सुरू करत आहोत, कारण या प्रश्नाची फार कठीण परीक्षा तिथे झाली.

हिटलर ३० जानेवारी १९३३ रोजी सत्तेवर आला. दोनच दिवसांनी, १ फेब्रुवारीला, सव्वीस वर्षांचे बॉनहोफर बर्लिन रेडिओवर बोलले. विषय होता नेता आणि त्याच्या मागे जाणारी तरुण पिढी. जो नेता स्वतःला अनुयायांचे दैवत होऊ देतो तो त्यांना चुकीच्या वाटेला लावतो, असा भाषणाचा रोख होता. भाषण संपण्याआधीच प्रक्षेपण तुटले. पुढे जर्मन चर्चमध्ये फूट पडली. नाझी विचार चर्चमध्ये आणू पाहणाऱ्यांना ज्यांनी विरोध केला, ते ‘कबुली देणारे चर्च’ म्हणून ओळखले गेले. या चर्चने आपले पाळक तयार करण्यासाठी स्वतःची छोटी शिक्षणगृहे काढली. त्यांतल्या एकाची जबाबदारी १९३५ साली बॉनहोफर यांच्याकडे आली. आधी बाल्टिक समुद्रकाठी त्सिंगस्ट इथे आणि मग श्टेटिन शहराजवळ फिंकनवाल्डे इथे हे घर चालले. हा भाग आज पोलंडमध्ये आहे.

आपल्या बाजूने एक धागा इथे येतो. त्याच्या आधल्याच वर्षी, १९३४ मध्ये, बॉनहोफर यांनी गांधीजींना पत्र लिहिले होते. तुमच्या आश्रमात येऊन राहावे, एकत्र जीवन कसे जगतात ते शिकावे, अशी त्यांची इच्छा होती. गांधीजींनी १ नोव्हेंबर १९३४ च्या पत्राने होकार कळवला. पण या शिक्षणगृहाचे काम अंगावर पडले आणि ते भारतात कधीच आले नाहीत. ते आले असते तर काय झाले असते, या तर्कात शिरण्यात अर्थ नाही. सांगायचे एवढेच, की युरोपातल्या चर्चला जे जमत नव्हते ते शिकायला हा माणूस आपल्याकडे यायला निघाला होता.

फिंकनवाल्डेत रोज सकाळ-संध्याकाळ एकत्र उपासना, एकत्र जेवण, एकत्र अभ्यास, आणि ठरावीक वेळ एकट्याने मनन असा क्रम होता. एक नियम असा, की जो भाऊ हजर नाही त्याच्याविषयी बोलायचे नाही. बोलून गेलेच तर नंतर त्याला जाऊन सांगायचे. हा नियम ऐकायला सोपा वाटतो. एक आठवडा पाळून बघा. सप्टेंबर १९३७ मध्ये गेस्टापोने ते घर बंद केले. पुढे त्या विद्यार्थ्यांपैकी कित्येकांना अटक झाली, कित्येक युद्धात मारले गेले. स्वतः बॉनहोफर यांना हिटलरविरुद्धच्या कटात सामील असल्याबद्दल ९ एप्रिल १९४५ रोजी फ्लोसेनब्युर्गच्या छावणीत फाशी देण्यात आले. आपण ज्याला घरगुती प्रार्थनासभा म्हणतो, तसल्या गोष्टीची ही किंमत.

आता पुस्तकाच्या गाभ्याकडे येऊ.

बॉनहोफर यांचे पहिले म्हणणे वाचकाला जरा धक्काच देते. ख्रिस्ती संगतीविषयी तुम्ही जे सुंदर स्वप्न घेऊन येता, ते स्वप्नच संगतीचा शत्रू आहे, असे ते म्हणतात. माणूस बैठकीत येतो तो मनात एक चित्र घेऊन. सगळे प्रेमळ असतील, मला समजून घेतील, प्रार्थनेत डोळे भरून येतील. मग कळते, की एक जण फार बोलतो, एक जण घड्याळ बघतो, एकीचे दुसरीशी पटत नाही. आपण म्हणतो, इथे काही खरे नाही. बॉनहोफर म्हणतात, हा भ्रमनिरास जितका लवकर होईल तितके बरे. देवाची कृपाच ते स्वप्न मोडते. कारण ज्याला संगतीपेक्षा संगतीचे स्वप्न प्रिय, तो इतरांचा न्यायाधीश होऊन बसतो. सगळ्यांनी आपल्या चित्रात बसावे अशी त्याची मागणी असते.

याच्या मागे एक तत्त्वविचार आहे. संगती ही आपण घडवायची गोष्ट नाही, ती ख्रिस्तात आधीच घडलेली आहे; आपण फक्त तिच्यात सामील व्हायचे आहे. माझा आणि दुसऱ्याचा संबंध थेट नाही, मध्ये ख्रिस्त आहे. मी दुसऱ्याला गिळू शकत नाही, त्याला माझ्यासारखा बनवू शकत नाही, कारण तो माझा होण्याआधी ख्रिस्ताचा आहे. इथे मार्टिन बुबरची आठवण होते. ‘मी आणि तू’ या १९२३ च्या ग्रंथात बुबरने सगळा भर दोघांच्या ‘मधल्या’ जागेवर दिला. पण बुबरच्या मते ती मधली जागा भेटीत उघडते. बॉनहोफर म्हणतात ती आधीपासून भरलेली आहे, म्हणून तर भेट शक्य होते. फरक बारीक वाटतो. व्यवहारात तो मोठा आहे. भेट फसली, संभाषण रंगले नाही, तर पहिल्या विचारात हाती काही उरत नाही. दुसऱ्या विचारात तो माणूस माझा भाऊच राहतो.

यावर एक आक्षेप येईल, आणि तो हलका नाही. फ्रेंच समाजशास्त्रज्ञ एमिल दुर्खाइम याने १९१२ साली मांडले, की माणसे एकत्र जमली, एका तालात गाऊ-नाचू लागली, की त्यांच्यात एक उकळी येते. आपल्यापेक्षा मोठे काहीतरी आपल्याला धरून आहे असा अनुभव येतो. त्या मोठ्या गोष्टीला लोक देव म्हणतात. खरे तर तो समाजच असतो. मग आपल्या बैठकीत जे जाणवते तेही तेवढेच नव्हे काय?

आमच्या मते बॉनहोफर यांचे पुस्तक या आक्षेपाला चांगले उत्तर देते, दुर्खाइमचे नावही न घेता. त्यांनी न्युरेंबर्गच्या सभांच्या काळात दिवस काढले होते. लाखो माणसे एका आवाजात ओरडतात, अंगावर काटा येतो, डोळे भरतात. उकळी हवी तर ती तिथे भरपूर होती. म्हणून बॉनहोफर भावनेच्या उमाळ्याकडे फार संशयाने पाहतात. ते दोन प्रकारच्या संगती मानतात, एक मनाच्या ओढीची आणि दुसरी आत्म्याची. पहिलीत बलवान माणूस दुबळ्याला ओढून घेतो, भारून टाकतो, आणि त्याला आपण धर्मांतरही समजतो. दुसरीत माणूस दुसऱ्याला मोकळा ठेवतो. तेव्हा त्यांचे दुर्खाइमला उत्तर असे होईल : तुम्ही उकळीचे वर्णन केले ते बरोबरच आहे, पण उपस्थितीची खूण उकळी ही नव्हेच. ज्या संध्याकाळी काहीच वाटले नाही, गीत बेसूर झाले, प्रार्थना कोरडी झाली, त्याही संध्याकाळी अभिवचन तेवढेच खरे आहे.

इथपर्यंत आम्ही बॉनहोफर यांच्याबरोबर आहोत. आणि आता त्या वचनाकडे परत जाऊ, कारण ते ज्या जागी आहे ती जागा आपण सहसा बघत नाही.

मत्तय १८ मध्ये त्या वचनाच्या आधी काय आहे? भांडण आहे. तुझ्या भावाने तुझा अपराध केला तर आधी एकट्याने जाऊन त्याला सांग. ऐकले नाही तर आणखी एक-दोघांना बरोबर घे. तरीही ऐकले नाही तर मंडळीला सांग. ‘दोन किंवा तीन’ ही संख्या इथून आलेली आहे, आणि तिचे मूळ अनुवादातल्या साक्षीदारांच्या नियमात आहे. दोघा-तिघांच्या साक्षीशिवाय कुणाला दोषी ठरवू नये, हा तो नियम. आणि वचनाच्या लगेच नंतर काय आहे? पेत्राचा प्रश्न : भावाला किती वेळा क्षमा करायची? म्हणजे हे अभिवचन एका बाजूला तक्रार आणि दुसऱ्या बाजूला क्षमा यांच्या मध्ये उभे आहे. ज्यांचे आपसात बिनसले आहे असे दोघे एकमेकांसमोर बसतात, तिसरा साक्षीला बसतो, तिथे प्रभू उपस्थित राहायचे कबूल करतो.

यहुदी परंपरेतही याच्या जवळचा विचार आहे. मिश्नाच्या ‘पिर्के आवोत’ या भागात म्हटले आहे, की दोघे बसून नियमशास्त्राविषयी बोलत असतील तर देवाचे सान्निध्य, ज्याला ते शेखिना म्हणतात, त्यांच्यामध्ये वास करते. त्याच अध्यायात दहा, पाच, तीन, दोन आणि शेवटी एक अशी उतरती मोजणीही आहे. सार्वजनिक प्रार्थनेसाठी दहा जणांची अट असलेल्या परंपरेत हे सांगितले गेले, हे लक्षात घ्यावे. तिथे दोघांच्या मध्ये नियमशास्त्र आहे, मत्तयात दोघांच्या मध्ये येशू आहे. पण लहान संख्या ही गर्दीची भरपाई नव्हे, हे दोन्हीकडे सारखेच.

मग लहान संख्येचे महत्त्व कशात? आमचे उत्तर साधे आहे. पाचशे माणसांत नको असलेला माणूस टाळता येतो. आपण दुसऱ्या बाकावर बसतो. पाच माणसांत तो टाळता येत नाही. तो समोरच बसलेला असतो, त्याच्या हातून कप घ्यावा लागतो. ॲरिस्टॉटलने मैत्रीविषयी लिहिताना एक म्हण सांगितली आहे, की एकत्र मीठ खाल्ल्याशिवाय माणसे एकमेकांना ओळखत नाहीत. आपणही खाल्ल्या मिठाला जागावे म्हणतो. लहान बैठक ही मीठ खाण्याची जागा आहे. तिथे देव भेटतो तो माणसाला वळसा घालून नव्हे.

बॉनहोफर यांना हे पक्के ठाऊक होते. पुस्तकाच्या चौथ्या प्रकरणात ते सेवेचे प्रकार मोजतात, आणि क्रम पाहण्यासारखा आहे. वचन सांगणे शेवटाकडे येते. आधी येते जीभ आवरणे, मग नम्रपणा, मग ऐकणे, मग हाताने मदत करणे, मग दुसऱ्याचा भार सोसणे. जो भावाचे ऐकू शकत नाही तो लवकरच देवाचेही ऐकेनासा होईल, असा त्यांचा इशारा आहे. शिकवण्याचा धंदा केलेल्या आमच्यासारख्यांना हे प्रकरण जड जाते. एकदा त्सिंगस्टमध्ये स्वयंपाकघरातून मदतीसाठी हाक आली आणि विद्यार्थ्यांपैकी कुणी उठले नाही. बॉनहोफर स्वतः उठून आत गेले, दार लावून घेतले, आणि मागून धावत आलेल्यांना आत घेतले नाही. नंतर त्यावर चकार शब्द काढला नाही. त्यांचे विद्यार्थी आणि पुढे चरित्रकार झालेल्या बेथगे यांनी ही आठवण नोंदवली आहे.

आता भांडणाची वेळ आली.

हे पुस्तक कुठे लिहिले गेले? १९३८ च्या शरद ऋतूत, ग्योटिंगेन शहरात, त्यांच्या जुळ्या बहिणीच्या घरात, सुमारे चार आठवड्यांत. बहीण घरात नव्हती. तिचे यजमान गेरहार्ड लाइबहोल्त्स हे कायद्याचे प्राध्यापक, जन्माने यहुदी कुळातले, बाप्तिस्मा झालेले. नाझी कायद्यांनी त्यांची नोकरी गेली होती, आणि त्याच सप्टेंबरात ते कुटुंब, दोन मुलींसह, सीमा ओलांडून देश सोडून गेले होते. बॉनहोफर आणि बेथगे त्यांना काही अंतर सोबत करून परतले, आणि त्या रिकाम्या घरात बसून हे पुस्तक लिहिले गेले.

विचार करा. एकत्र जगण्याविषयीचे विसाव्या शतकातले बहुधा सर्वांत चांगले ख्रिस्ती पुस्तक, ज्यांना एकत्र जगू दिले नाही अशा कुटुंबाच्या ओस घरात लिहिले गेले. आणि पुस्तकात त्या घराचा उल्लेख नाही. सुरुवातीला बॉनहोफर म्हणतात, की भावांचे प्रत्यक्ष सोबत असणे ही कृपा आहे, ती सगळ्यांना मिळत नाही. तुरुंगातले, आजारी, दूर विखुरलेले यांना ती नसते. त्या ओळींमागे बहिणीचे जाणे असणार, असे आम्हांला वाटते. पण पुस्तकाचे घर पुढे बंद होते. त्यात तरुण पुरुष आहेत, एक प्रमुख आहे, एक दिनक्रम आहे. कार्ल बार्टला या प्रयोगात मठाचा वास आला होता. आमची तक्रार वेगळी आहे. मठ असू दे. पण दारात कोण उभे आहे, हा प्रश्न पुस्तक विचारत नाही. मेजावर जे आधीच बसले आहेत त्यांनी एकमेकांशी कसे वागावे, हे ते अप्रतिम सांगते. जो मेजापर्यंत येऊच शकत नाही त्याचे काय?

बॉनहोफर यांना हे कळत नव्हते, असे म्हणणे मूर्खपणाचे ठरेल. १९३३ सालीच त्यांनी चर्च आणि यहुदी प्रश्नावर लेख लिहिला होता, आणि अखेर जीव दिला. पण आम्ही माणसाचे नव्हे, पुस्तकाचे परीक्षण करत आहोत. लहान संगतीचा सगळ्यांत मोठा धोका, तिचे आपल्यांपुरते होऊन जाणे, या पुस्तकात पुरेसा दिसत नाही.

हा धोका पौलाने पाहिला होता. करिंथ इथली मंडळी घरांतून जमत असे, आपल्यासारखीच. पहिल्या पत्राच्या अकराव्या अध्यायात पौल त्यांच्यावर का संतापतो? जेवणावरून. ज्यांच्याकडे आहे ते आपले आपले खाऊन घेतात, कुणी पिऊन तर्र, आणि गरीब उपाशी. पौल त्यांना सांगतो, की याला प्रभुभोजन म्हणता येणार नाही. म्हणजे नाव प्रभूचे, भाकर प्रभूची, संख्याही लहान, आणि तरीही जमणे फुकट. मत्तयाच्या वचनाशेजारी हा अध्याय ठेवल्याशिवाय त्या वचनाचा अर्थ पुरा होत नाही.

आणि इथे आम्हांला एका मराठी पुस्तकाची मदत होते. लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’. ते धर्मशास्त्राचे पुस्तक नाही, आणि म्हणूनच उपयोगी आहे. नारायण वामन टिळकांनी १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत बाप्तिस्मा घेतला. लक्ष्मीबाई त्यांच्यापासून काही वर्षे वेगळ्या राहिल्या, मग परतल्या, पण आपले सोवळे घेऊन परतल्या. नवरा ख्रिस्ती, बायको सोवळ्यातली. ज्या घरात त्या जन्मल्या तिथे वडिलांना सोवळ्याचे वेड होते, ते त्यांनी पहिल्या प्रकरणांत हसत हसत सांगितले आहे. ख्रिस्ती माणसाच्या हातचे पाणी त्यांना चालत नव्हते. त्यांचा स्वतःचा बाप्तिस्मा १९०० साली झाला. पण पुस्तक नीट वाचणाऱ्याला कळते, की खरी ओलांडणी पाण्याच्या दुसऱ्या भांड्यापाशी झाली. जातीभेद देवाने केलेला नाही, माणसाने केला आहे, असे मनाशी ठरल्यावर त्या कुणाच्याही हातचे खाऊ-पिऊ लागल्या. नंतर तर जातीपातीचा विचार न करता त्यांनी परक्यांची पोरे घरात वाढवली.

बॉनहोफर यांच्या पुस्तकात मेज मांडलेले आहे. लक्ष्मीबाईंच्या पुस्तकात मेज मांडायलाच वर्षे लागतात. म्हणून ही दोन पुस्तके शेजारी ठेवून वाचावीत, अशी आमची शिफारस आहे. एकातून कळते, की सोबत बसलेल्याला कसे सोसावे. दुसऱ्यातून कळते, की सोबत बसण्याआधी काय काय मोडावे लागते.

टिळकांनी स्वतः शेवटी हाच प्रयोग केला. १९१७ साली त्यांनी मिशनची नोकरी सोडली आणि साताऱ्यात ‘देवाचा दरबार’ सुरू केला. त्यात बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले, दोन्ही प्रकारचे येशूचे शिष्य बंधू म्हणून यावेत, ही कल्पना. तुकोबांच्या पुलावरून आपण ख्रिस्ताकडे आलो, असे मानणाऱ्या माणसाला ते सुचणे साहजिक होते. १९१९ च्या मे महिन्यात ते वारले. प्रयोगाला पुरती दोन वर्षेही मिळाली नाहीत. बाप्तिस्म्याची सीमा इतकी सैल करावी का, यावर पाळक मंडळी वाद घालतील, घालावा. पण दरबाराला दार होते आणि ते रस्त्याकडे उघडत होते, हे कबूल करावे लागेल.

आता आपल्याकडे बघू, म्हणजे ही चर्चा पुस्तकी राहणार नाही. आपल्या घरगुती बैठकांना कोण येते? बहुतेक वेळा एका थरातले, एका सोसायटीतले, एका नात्यागोत्यातले. बाप्तिस्म्यापूर्वीची जात आपण विसरलो असे आपण म्हणतो, पण मुलामुलींची लग्ने ठरवताना ती कुणाला तरी आठवतेच. बैठकीत प्रार्थना चालू असताना आत चहा कोण टाकते? घरची सून किंवा कामाला येणारी बाई. डोळे मिटून आपण उपस्थितीचे अभिवचन म्हणतो, आणि ती दाराआड कप मोजत असते. ती दोघा-तिघांत धरलेली आहे की नाही? आणि जो भाऊ गेल्या वर्षीच्या निवडणुकीतल्या वादानंतर येत नाही, त्याच्याविषयी आपण त्याच्या मागे काय बोलतो?

कुणी म्हणेल, सर, मग तर कुठलीच बैठक पात्र ठरणार नाही. ज्यांच्यात काहीच बिनसलेले नाही, जिथे दाराआड कुणीच नाही, अशी बैठक कुठे सापडायची? प्रश्न रास्त आहे. याचे उत्तर बॉनहोफरच देतात, आणि इथे आम्ही पुन्हा त्यांच्याकडे वळतो. संगतीची पात्रता आपण कमवायची नसते, ती दिलेली आहे. उणीव दिसली म्हणून बैठक मोडायची नाही. तसे करणे म्हणजे पुन्हा स्वप्नाच्या मागे लागणे. त्यांचे शेवटचे प्रकरण पापांगीकाराविषयी आहे. एका भावाने दुसऱ्या भावापुढे आपले पाप बोलून दाखवावे, असे ते सांगतात. सगळे भले आणि धार्मिक म्हणून एकत्र बसतात तिथे प्रत्येक जण आपल्या पापाबरोबर एकटाच राहतो. पाप बोलले गेले की एकटेपणा संपतो. आम्ही एवढेच जोडू, की हे बैठकीलाही लागू आहे. आमच्या बैठकीत कोण येऊ शकत नाही, हे बैठकीने मोठ्याने म्हटले पाहिजे. ते म्हणणे हीही प्रार्थनाच आहे.

तेव्हा सुरुवातीच्या प्रश्नाचे आमचे उत्तर असे. लहान बैठकीत देव उपस्थित असतो म्हणजे तिथे ऊब वाटते असे नव्हे. त्याचा अर्थ असा, की तिथे ज्या माणसाला आपण टाळू शकत नाही आणि ज्या माणसाला आपण आत घेतलेले नाही, त्या दोघांविषयी आपल्याला विचारणारा कुणीतरी हजर असतो. ऊब वाटली तर आनंदच आहे, ती नाकारायचे कारण नाही. फक्त तिला पुरावा मानू नये.

जाता जाता एक व्यावहारिक सूचना करतो, कारण तत्त्वज्ञानाचे मास्तर उपाय सांगत नाहीत अशी तक्रार नेहमी ऐकू येते. पुढच्या बैठकीत प्रार्थना सुरू होण्याआधी चहा करून घ्या. ज्याने केला त्याला किंवा तिला मध्ये बसवा. कप पुरुषांनी विसळावेत. आणि जो येत नाही त्याच्या घरी एकट्याने जा, मत्तय १८ मध्ये सांगितल्याप्रमाणे. दोघे-तिघे मिळून जाणे ही नंतरची पायरी आहे.

 आता प्रश्न असतील तर घेऊ.